तुरुंगातल्या बायकांवरचं पुस्तक कट्ट्यावर वाचावं की नको?

मेरीवाली: नाशिकला गंगापूर रोडच्या आमच्या वाचनकट्ट्यावर वकील आणि कार्यकर्त्या सुधा भारद्वाज यांचं ‘फ्रॉम फांसी यार्ड’ (२०२३) सुचवलं, तर निम्मा कट्टा उखडला. बाई येरवडा तुरुंगाच्या फाशी यार्डात, म्हणजे फाशीच्या कैद्यांसाठीच्या भागात होत्या. गजांआडून दिसलेल्या कैदी बायकांवर लिहिलंय. माझ्या मते वाचावंच. आपल्याला पेपरातलं ‘प्रियकराच्या मदतीने पतीचा काटा काढला’ एवढंच ठाऊक. पुढे त्या बाईचं काय झालं, कोण विचारतं?

पंचवटीकर: आणि जिचं माणूस गेलं तिच्यावर कोण लिहिणार, ताई? लेखिका स्वतःच एल्गार परिषद खटल्यात आरोपी. आत काय लिहिलं असणार ते न उघडताच सांगतो.

जुना मास्तर: न उघडताच, तिथेच घोडं पेंड खातंय! ‘श्यामची आई’ नाशिकच्याच तुरुंगात लिहिली गेली, १९३३ साली.

पंचवटीकर: मास्तर, कुठे गुरुजी, कुठे हे. उगाच मोट बांधू नका.

नाशिकरोडची वकील: खटल्याचं कोर्ट बघेल, भारद्वाज डिसेंबर २०२१ मध्ये जामिनावर सुटल्या. माझ्या अशिलांना जामीन मिळूनही सुटता येत नाही, त्याचं बोला. जामीनदार हवा, त्याचा सातबारा नाहीतर ऐपतीचा दाखला हवा. नवरा आत गेला तर बायको मंगळसूत्र मोडून वकील लावते. बाई आत गेली की माहेर म्हणतं सासर बघेल, सासर म्हणतं ती आम्हाला मेली. एकीचा दीर सातबारा घेऊन कोर्टाच्या पायरीपर्यंत आला होता. बायकोचा फोन आला, तसाच माघारी फिरला. मूल सहा वर्षांचं होईपर्यंत आईजवळ राहू शकतं, पुढे नातेवाईक नाहीतर बालगृह. नव्या फौजदारी प्रक्रिया कायद्याच्या (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता) कलम ४७९ मुळे पहिल्यांदाच सापडलेल्या कच्च्या कैद्याला कमाल शिक्षेचा एक तृतीयांश काळ काढल्यावर सोडायचं असतं, जन्मठेप-फाशीचे गुन्हे सोडून. तिथे कायद्याने स्वतःचं हमीपत्र पुरतं, पण एरवी हमी देणारं माणूस लागतंच ना!

सिडकोची: सगळं पटलं, तरी माझी तक्रार वेगळी आहे. कोणाची भांडणं, कोणाचं रडणं छापायचं, तर तिला विचारायला नको? नाव गाळलं तरी गावाला बरोबर कळतं. वाहवा लेखिकेची, बदनामी तिची.

नाशिकरोडची वकील: हा प्रश्न रास्त आहे, माझ्याकडेही सरळ उत्तर नाही. एवढंच, की भायखळ्याच्या तुरुंगात हलवल्यावर भारद्वाज तिथल्या बायकांचे अर्ज लिहून द्यायच्या. नुसत्या बघत बसल्या नव्हत्या.

मेरीवाली: पंचवटीकर काका, मखमलाबादला तुमची जमीन आहे ना? व्हाल जामीनदार?

पंचवटीकर: आधी कलम सांगा. चोरीमारी असेल तर बघू, खून असेल तर नाव काढू नका. आणि पुस्तक तरीही नाही.