सचिनचंच बघा ना! नाव झालं म्हणून लाजाळू माणसाचं जमतं का?

कट्टेकरी_निलेश: परवा एकानं इथे लिहिलं, "लाजाळू मुलांनी आधी नाव कमवावं, पोरी आपोआप येतात, सचिनचंच बघा." वाचून डोकं फिरलं. बघाच मग! 1990 मध्ये तो इंग्लंडहून परतला तेव्हा अंजलीनं त्याला मुंबई विमानतळावर पाहिलं. मँचेस्टरला 17 व्या वर्षी शतक ठोकून आलेला, पण तिला क्रिकेटमधलं ओ की ठो कळत नव्हतं. आवडला तो कुरळ्या केसांचा पोरगा. पुढे पाकिस्तानच्या वासिम-वकारसारख्या तेज गोलंदाजांना न घाबरलेला हा गडी लग्नाचं आईवडिलांना सांगायला धजेना, तेही अंजलीनंच सांगितलं. प्रसिद्धीनं दिलं काय? 'रोजा' बघायला खोटी दाढी लावून गेला, चष्मा पडला, लोकांनी ओळखलं, सिनेमा अर्धा टाकून घरी.

रेवा_दादर: दौऱ्यावरच गेला नसता तर विमानतळावर दिसला असता का? आणि तो कोण हे कळल्याशिवाय तिनं फोन नंबर शोधला असता कसा?

अभय_सांगली: माझा धाकटा भाऊ तबलजी, जिल्ह्यात नाव आहे. कार्यक्रम संपल्यावर मुली भेटायला येतात आणि हा मान खाली घालून गवसणीची नाडी बांधत बसतो. कांदेपोह्यांना गेलं की पहिला प्रश्न, पगार किती? कलाकाराला मुलगी द्यायची नसते कुणालाच.

विभावरी: घसरलात लगेच मुलीकडच्यांवर! मला बघायला आलेल्यांनी चालून दाखवायला लावलं होतं, चष्मा काढायला लावला होता. आम्ही पगार विचारला की हावरट?

अभय_सांगली: हावरट हा शब्द तुमचा. तुमच्या घरी चालला असता का तबलजी जावई?

विभावरी: माझा नवरा भजनात पेटी वाजवतो, चार माणसांत तोंड उघडत नाही. लग्नाचं मीच विचारलं त्याला. भावाला सांगा, नाडी नंतर बांध, आधी समोरचीचं नाव विचार.

कट्टेकरी_निलेश: अहो, विषय पगाराचा नाही! रेवाताई, नंबरचं मान्य करावंच लागेल. पण शतकानं त्याचा बुजरेपणा गेला नाही, पुढाकार तिचाच.

रेवा_दादर: म्हणजे भेट प्रसिद्धीनंच घडवली. पुढे 1995 च्या मे महिन्यात लग्न होईपर्यंत टिकवलं ते दोघांनी, एवढं तुमचं खरं.

अभय_सांगली: रविवारी पुन्हा एक स्थळ आहे. पगाराचा आकडा मी फोनवरच सांगून टाकलाय. मुलगी गाणं शिकते म्हणे. नाव विचारायचं भावाला बजावतो, विभावरीताई.