सांगलीत राहून स्वतःची मराठी ब्लूज-लोकगीतं: एकट्याने सुरुवात कुठून करायची?

येरळाकाठ (प्रश्न)

नमस्कार मंडळी. नऊ गाणी तयार आहेत, शब्द आणि चाल दोन्ही स्वतःचं. बाज ब्लूजचा (अमेरिकेच्या दक्षिणेतल्या कृष्णवर्णीयांचं लोकसंगीत), भाषा इकडची. साथीला एक अकूस्टिक गिटार आणि दोन-तीन गाण्यांत माउथ ऑर्गन. बँड नाही, आणि मुक्काम पुण्या-मुंबईला हलवायचा नाही.

तीन ठिकाणी अडलंय. मराठी ओळ बारा बारच्या चौकटीत बसवली की ओढूनताणून वाटते. घरच्या रेकॉर्डिंगमध्ये गिटार घुमते. आणि एका स्थानिक कंपनीने प्रत्येक गाण्याला एकरकमी पैसे देऊ केलेत, बदल्यात 'सर्व हक्क कायमचे'. सही करावी का?

कोमल_गंधार

आधी शब्दांचं बघू, कारण मराठी ब्लूज बहुतेक वेळा तिथेच फसतं.

बार म्हणजे चार ठोक्यांचं एक घर, आणि बारा बार म्हणजे चार-चार बारच्या तीन ओळी. ई (E) या पट्टीत गायचं तर गिटारवर चार बार ई चा कॉर्ड, मग दोन ए, दोन ई, मग एक बी सेव्हन, एक ए आणि शेवटी दोन ई. पहिली ओळ दुसऱ्यांदा तशीच येते, तिसरी तिला उत्तर देते. पण गळा चारही बार भरत नाही. दोन-अडीच बार गाणं, उरलेल्यात गिटार बोलते. मराठीत लिहिताना आपण सोळा-अठरा अक्षरांची ओळ घेतो, गिटारला जागा उरत नाही आणि ते भावगीत होतं. तुमची ओढाताण बहुधा हीच असणार.

छोट्या अभंगाचं आठ अक्षरांचं माप घेऊन बघा. चार ठोक्यांचे दोन बार म्हणजे आठ ठोके, त्यात आठ अक्षरं, पुढचे दोन बार मोकळे:

कालव्याला नाही पाणी
कालव्याला नाही पाणी
तोडीवर माझी राणी

आता ठोक्याला एक अक्षर असं मोजून ठेवलंत तर पाढे म्हटल्यासारखं होईल. शफलमध्ये, म्हणजे ब्लूजच्या झुलत्या लयीत, एका ठोक्याचे तीन भाग असतात, पहिले दोन जोडून लांब, तिसरा आखूड. दादऱ्याचा झोका अंगात असेल तर हे शिकवावं लागत नाही. 'का' लांब भागावर, 'ल' आखूड भागावर, 'व्या' पुढच्या ठोक्यावर. अशाने जी जागा वाचते ती 'पाणी'च्या 'णी'वर ओढायला वापरा. मात्र ऱ्हस्व अक्षर कधी ओढू नका. 'कालव्या'तला 'ल' लांबवला की शब्द परका वाटतो, मग चाल कितीही चांगली असो.

सुरांचं म्हणाल तर धानी रागाचे सा, कोमल ग, म, प, कोमल नि हे पाच स्वर म्हणजेच ब्लूजची मायनर पेंटॅटॉनिक. त्यात जाता-येता तीव्र म लावला की ब्लूज स्केल. पण ब्लूजचा गंधार कोमल आणि शुद्धच्या मधे कुठेतरी असतो. पेटीवर तो सापडणारच नाही. तार किंचित ढकलून काढा, आणि गळ्यात आधी येऊ द्या. धानीचा गंधार जिथे लावता तिथून केसभर वर.

माउथ ऑर्गन ई च्या गाण्याला ई चा घेऊ नका. दहा भोकांचा, ए चा घ्या. ओढून वाजवताना ई चा कॉर्ड मिळतो आणि सूर वाकवायचे ते ओढूनच वाकतात. जी च्या गाण्याला सी चा, याच हिशेबाने.

जवारीदार

घुमण्याचं कारण ऐंशी टक्के वेळा एकच असतं: माइक गिटारच्या भोकासमोर. तिथून हवेचा झोत येतो आणि १०० ते २०० हर्ट्झच्या आसपासचा सगळा फुगवटा माइकमध्ये जातो. माइक बाराव्या पडद्याच्या समोर, २० ते ३० सेंटिमीटरवर ठेवा आणि किंचित भोकाकडे तिरपा करा. तरी घुमलं तर माइक मागे नेण्याऐवजी मानेकडे सरकवा.

दुसरं कारण खोली. स्लॅबची, दहा बाय दहाची, रिकाम्या भिंतींची खोली कंडेन्सर माइकला (बारीकसा आवाजही टिपणाऱ्या) मानवत नाही. पाठीमागे आणि दोन्ही बाजूंना जाड वाकळा टांगा, भिंतीपासून चार बोटं सोडून. पातळ फोम चिकटवून फक्त वरचे सूर मरतात, खालचा घुमारा तसाच राहतो, पैसे वाया. पत्र्याचं छप्पर असेल तर पावसाळ्यात रेकॉर्डिंगचा नाद सोडा.

रेकॉर्डिंग २४ बिटवर ठेवा आणि सर्वात जोराचा आवाज उणे १० डीबीच्या आसपास येऊ द्या. काटा लाल होईपर्यंत वाढवायची गरज नाही. हम्म असा सलग आवाज येत असेल तर लॅपटॉपचा चार्जर काढून बघा. गेला तर घरचं अर्थिंग तपासून घ्या.

गळा आणि गिटार एकत्रच रेकॉर्ड करा. या बाजात लय श्वासाबरोबर हलते. वेगवेगळं घेऊन क्लिकवर (यंत्राच्या ठोक्यावर) बसवलं की तीच हालचाल नाहीशी होते. चूक झाली तर पूर्ण गाणं परत.

आता गिटारबद्दल, कारण इथे एक सोय आहे आणि एक धोका. मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. सतारमेकर गल्लीत हाड घासणारे हात अजून आहेत. गिटारच्या घोडीवरची प्लॅस्टिकची पट्टी काढून हाडाची बसवून घेतलीत तर आवाज उघडतो. पण सांगताना नीट सांगा. तंबोऱ्याच्या घोडीला जवारीसाठी मुद्दाम रुंद, गोलसर उतार देतात, म्हणून तार त्यावर झणझणते. गिटारला नेमकं उलट हवं. तार एकाच कडेवरून सुटली पाहिजे, उतार फक्त मागच्या बाजूला. हे न बोलता पट्टी दिली तर गिटार सतारीसारखी वाजत परत येईल, आणि त्यात कारागिराचा दोष नाही.

तारा ०.०१२ च्या संचाच्या. बाराव्या पडद्यावर जाड तार सव्वादोन-अडीच मिलिमीटर उंच. स्लाइड (बोटात नळी घालून तारांवर सरकवत) वाजवणार असाल तर थोडी जास्त, नाहीतर नळी पडद्यांवर आपटते.

हक्कसोड_नको

सही करू नका. निदान या मजकुरावर नको.

हे ब्लूजवाल्यांच्या इतिहासात पुन्हा पुन्हा झालेलं आहे. १९२०-३० च्या दशकांत अमेरिकेच्या दक्षिणेत रेकॉर्ड कंपन्या गायकाला तबकडीच्या एका बाजूचे ठरावीक डॉलर हातावर ठेवायच्या आणि विषय संपायचा. ब्लूज गायक-गिटारवादक मिसिसिपी जॉन हर्ट यांनी १९२८ मध्ये रेकॉर्डिंग केलं आणि परत शेतमजुरीला लागले. लोकांनी त्यांना शोधून काढलं ते थेट १९६३ मध्ये. (त्यांचं वादन जरूर ऐका. अंगठा दोन जाड तारांवर आलटून-पालटून चालतो, बाकीची बोटं चाल वाजवतात. एकट्या माणसाला ढोलकीवाला लागत नाही.)

आपल्याकडे कायदा गीतकार-संगीतकाराच्या बराच बाजूने आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली दुरुस्ती झाली, त्यानुसार शब्द आणि चाल यांच्या रॉयल्टीतला तुमचा वाटा वारस किंवा कॉपीराइट सोसायटी सोडून कुणालाही देऊन टाकता येत नाही. करारात तसं लिहिलं तरी ते टिकत नाही. करारात मुदत लिहिलेलीच नसेल तर ती पाच वर्षं धरतात, प्रदेश लिहिलेला नसेल तर फक्त भारत. म्हणूनच कंपन्या 'कायमचे' आणि 'जगभर' हे शब्द आवर्जून घालतात. ते दोन्ही खोडा. ध्वनिमुद्रण स्वतः केलेलं असेल तर त्याची मालकी स्वतःकडे ठेवा आणि कंपनीला तीन वर्षांची, एकाच चॅनलपुरती परवानगी द्या. ऐकत नसतील तर स्वतःच वितरकामार्फत (गाणी स्पॉटिफायसारख्या ठिकाणी पोचवणाऱ्या कंपनीमार्फत) टाका.

टाकताना चुका होतात त्या अशा. नावाचं स्पेलिंग दोन गाण्यांत वेगळं पडलं की दोन वेगळे कलाकार तयार होतात. मुखपृष्ठ ३००० बाय ३००० पिक्सेल ठेवा. तारीख किमान तीन-चार आठवडे पुढची द्या. स्पॉटिफायच्या संपादकांकडे गाणं पाठवायचं तर ते निदान सात दिवस आधी पोचलेलं असावं लागतं. आणि एका गाण्याला बारा महिन्यांत १००० स्ट्रीम झाल्याशिवाय तिथे त्याचे पैसे सुरूच होत नाहीत, त्यामुळे घरखर्च त्यावर धरू नका.

वितरक फक्त ध्वनिमुद्रणाचे पैसे आणतो. शब्द आणि चालीचे वेगळे, ते आयपीआरएस ही गीतकार-संगीतकारांची कॉपीराइट सोसायटी गोळा करते. सभासद होताना गीतकार आणि संगीतकार अशी दोन्ही नोंद करा आणि प्रत्येक गाणं त्यांच्याकडे नोंदवा. नुसतं सभासद होऊन पैसे येत नाहीत.

लोकगीत घेणार असाल तर एक खबरदारी. 'पारंपरिक' म्हणून फिरणाऱ्या कितीतरी गाण्यांना नाव असलेला शाहीर असतो. हक्क मृत्यूच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. वाटेगावचे अण्णा भाऊ साठे १९६९ मध्ये गेले, म्हणजे त्यांच्या रचनांना २०२९ अखेरपर्यंत परवानगी लागते. रेठरे हरणाक्षच्या पठ्ठे बापूरावांच्या शब्दांची मुदत संपलेली आहे. नाथांची भारुडं सगळ्यांची. पण शब्द मोकळे असले तरी दुसऱ्याने केलेलं ध्वनिमुद्रण मोकळं नसतं.

येरळाकाठ

फार उपकार झाले. माइक हलवला, फुगवटा खरोखर गेला. करार परत पाठवतोय. शेवटचं एक: कार्यक्रम कुठे आणि कसे धरायचे? पाचगणी-महाबळेश्वरच्या हॉटेलांत विचारलं तर सगळे तीन तास हिंदी गाणी मागतात.

सातारकर_४५मिनिटं

हॉटेलं पैशासाठी घ्या, पण महिन्यातून दोनच, आणि दोन भागांत ४५-४५ मिनिटं, मधे २० मिनिटं विश्रांती असं आधीच लिहून घ्या. सलग तीन तासांनी गळा बसतो आणि पुढचे चार दिवस स्वतःच्या गाण्याचे जातात. निम्मे पैसे आगाऊ. पावसाळ्यात तिकडे काम पातळ होतं, ते तीन-चार महिने नव्या गाण्यांना ठेवा.

स्वतःच्या गाण्यांसाठी ५० ते ७० माणसांची खोली शोधा. सातारा, कराड, ईश्वरपूर (पूर्वीचं इस्लामपूर), विटा, सांगली, मिरज इथे वाचनालयाचं सभागृह, शाळेचा हॉल, एखाद्याचा मोठा वाडा मिळतो. हिशेब असा धरा: २०० रुपये तिकीट, ६० माणसं, १२,००० जमले. हॉल ३,०००, साउंड ३,५००, प्रवास-जेवण १,५००. हातात ४,०००. साउंड स्वतःचा असेल तर साडेसात हजार. म्हणून पहिल्या सहा कार्यक्रमांतून एक छोटा स्पीकर आणि दोन माइक उभे करा, रेकॉर्डिंगची महागडी यंत्रं नंतर. एका गावात तीन महिन्यांच्या आत परत जाऊ नका, माणसं तीच असतात.

४५ मिनिटांत दहा गाणी होतात. तुमची नऊ आहेत, दहावं भारूड चालेल. सगळी ई मध्ये असतील तर चौथ्या गाण्यापासून कान मिटतात. दोन ओपन जी मध्ये (मोकळ्या तारा छेडल्या की जी चा कॉर्ड वाजेल अशा जुळणीत) बसवा, पण ती लागोपाठ ठेवा, म्हणजे सुरात लावायला एकदाच थांबावं लागेल.

गणपती-नवरात्रात मंडळाच्या स्टेजवर बोलावलं तर डीआय बॉक्स (गिटारचा आवाज मिक्सरला मानवेल असा करून देणारी डबी) आणि त्याची केबल स्वतःची न्या. साउंडवाला गिटारची पिन सरळ मिक्सरला लावतो, आवाज पातळ आणि खरखरीत येतो. गिटारमुळे स्पीकर शिट्टी मारायला लागला तर गिटारच्या भोकाला रबरी झाकण लावा आणि साउंडवाल्याला १०० ते २०० हर्ट्झमधली पट्टी खाली घ्यायला सांगा. मुख्य आवाज कमी करायची गरज पडत नाही. रात्री दहाला लाउडस्पीकर बंद होतो, सवलतीचे दिवस वेगळे. नऊची वेळ मिळाली तर प्रत्यक्षात साडेनऊला माइक हातात येतो, तेव्हा पाच गाण्यांची छोटी यादी खिशात असू द्या.

आकाशवाणी सांगलीत सुगम संगीताच्या ध्वनिचाचणीचीही चौकशी करा.

कोमल_गंधार

एकच भर. मंडळाच्या स्टेजसाठी त्या पाच गाण्यांत माउथ ऑर्गनचं पहिलं ठेवा. गिटारचा आवाज जुळेपर्यंत तेवढा वेळ ते एकट्याने निभावतं.