चर्चा धागा: ग्रुप ४७ ने जर्मन साहित्य खरंच नवं केलं का?

निवांत (धागाकर्ता)
युद्धोत्तर जर्मन साहित्याचा विषय निघाला की ग्रुप ४७ या लेखकांच्या गटाचं कौतुक ठरलेलं. हान्स वेर्नर रिश्टरने सप्टेंबर १९४७ मध्ये बव्हेरियातल्या बानवाल्डझे तळ्याकाठी लेखक जमवले, नाझींनी फुगवलेली भाषा छाटायला घेतली, वगैरे. पण १९५२ साली नीनडोर्फच्या बैठकीत पाउल सेलानने छावण्यांवरची आपली 'टोडेसफूगं' ही कविता सुरात वाचली तेव्हा काय झालं? आईवडील छावणीत गमावलेला ज्यू कवी वाचतोय आणि मंडळी हसतायत. रिश्टरला तर त्या सुरात नाझी प्रचारमंत्री गोबेल्स ऐकू आला म्हणे! हे कसलं नवेपण?

शाईचा_डाग
एका बैठकीवरून वीस वर्षांचा निकाल लावताय. त्याच बैठकीत ग्रुपचा पुरस्कार लेखिका इल्झे आइशिंगरला मिळाला, तिची आई ज्यू होती. सेलानलाही काही मतं पडली होतीच. पुढच्या वर्षी तो कवयित्री इंगेबोर्ग बाखमनला.
आणि छाटणी म्हणजे काय ते ग्रुपमधल्या ग्युंटर आइशच्या 'इन्व्हेंटूर' या कवितेत बघा. युद्धकैदी आपली मालमत्ता मोजतोय: टोपी, कोट, लोकरी मोजे, आणि सगळ्यात लाडकं पेन्सिलीचं शिसं. विशेषणं अगदी मोजकी. बारा वर्षं रेडिओवर भाषणबाजी ऐकलेल्या लोकांना कुणी गाऊन कविता म्हटली की धडकी भरणारच.

निवांत
धडकी भरली की हसू येतं होय? आणि हाच आइश नाझी काळात रेडिओसाठी नेमानं लिहीत होता. ग्रुपमधल्याच आंडर्श या लेखकाने १९४३ मध्ये ज्यू वंशाच्या बायकोपासून घटस्फोट घेतला. कादंबरीकार ग्युंटर ग्रास वाफेन-एसएस या नाझी सशस्त्र दलात होता, हे तर २००६ पर्यंत बाहेर आलं नाही. पाटी कोरी करण्याची घाई नेमकी कुणाला होती, ते दिसतंच.

कावेबाज_मांजर
निवांतराव, माणसाची गफलत आणि लिखाणाची किंमत यांची खिचडी करू नका. (आंडर्शबद्दल मात्र सहमत, ते किळसवाणं आहे.)
माझा मुद्दा वेगळा. ग्रासला १९५८ मध्ये याच ग्रुपने 'टिन ड्रम' कादंबरीतल्या प्रकरणांवर पुरस्कार दिला. ती भाषा छाटलेली आहे? नुसती उतू जातेय! म्हणजे सहा वर्षांत यांचे कान बदलले. रिश्टरकडे जाहीरनामा नव्हताच. वाचणाऱ्याने खुर्चीत बसायचं, टीका निमूट ऐकायची, उत्तर द्यायचं नाही, एवढाच नियम. त्यातूनच हे घडलं.

निवांत
तो नियम घरच्या पोरांना मानवला असेल. ज्याची माणसं मारली गेली त्यानेही गप्प बसून तुमच्याकडून सुराचे धडे घ्यायचे? सेलान पुन्हा त्या बैठकांना फिरकला नाही, यात मला तरी नवल वाटत नाही.