कामावरून आल्यावर कोळंबीचे झटपट जेवण कसे करावे?

प्रश्न : कोथरूडला घरी पोहोचेपर्यंत आठ वाजतात. अर्ध्या तासात कोळंबी-भात होईल, पण कोळंबी रबरासारखी चिवट होणार नाही, अशी पद्धत कोणी सांगेल का?

उत्तर १ : कोळंबी चिवट होते ती बहुधा जास्त शिजल्यामुळे. मध्यम आकाराची सोललेली कोळंबी हळद, मीठ आणि आले-लसणाचे वाटण लावून, कुकरमध्ये भात होईपर्यंत फ्रीजमध्ये ठेवावी. मग कांदा-टोमॅटोचा मसाला पूर्ण परतून तेल सुटल्यावरच ती घालावी आणि तीन-चार मिनिटांत, रंग गुलाबी होऊन ती किंचित वळताच, गॅस बंद करावा. घट्ट वेटोळे झाले म्हणजे उशीर झाला. आंबटपणासाठी दोन-तीन आमसुले पुरतात.

उत्तर २ : गणेश पेठेतील मासळी बाजारातून रविवारी आणून, साफ करून, एका वेळेपुरते वाटे गोठवून ठेवावेत. पाठीवरचा काळा दोरा तेव्हाच काढावा, कारण खरा वेळ तिथेच जातो. वापरताना बंद पिशवी थंड पाण्यात ठेवावी, गरम पाण्यात मुळीच नको.

उत्तर ३ : वरील पद्धत उत्तम आहे, मात्र कोळंबी नीट निथळून घ्यावी, नाहीतर मसाल्याला पाणी सुटते. मला स्वतःला टोमॅटोपेक्षा ओले खोबरे अधिक आवडते.