हृदय थांबून परतलेल्या रुग्णांच्या मुलाखती: पद्धत काय ठेवावी?

रंकाळा_९: मानसशास्त्र एम.ए., शिवाजी विद्यापीठ. प्रबंधाला विषय म्हणून मृत्यूसमीप अनुभव (मरणाच्या दारातून परतलेले बोगदा, उजेड वगैरे दिसल्याचं सांगतात ते) घ्यायचा विचार आहे. सीपीआरनंतर (बंद पडलेलं हृदय चालू करायला छाती दाबणं; कोल्हापुरातलं सीपीआर नावाचं सरकारी रुग्णालय नव्हे) वाचलेल्यांशी कोल्हापुरातच बोलायचंय. रुग्ण कसे निवडू, काय विचारू? आणि शरीराबाहेर जाऊन वरून पाहिलं म्हणतात ते खरं का, हे तपासायला छताजवळ फळीवर चित्रं ठेवून प्रयोग झाला, त्यात निघालं काय? यूट्यूबवर जो तो वेगळंच सांगतोय.

आयसीयू_नाइट: "असा अनुभव आलाय का?" असा मेसेज व्हॉट्सअ‍ॅपवर फिरवू नका. ज्यांना आलाय तेच येतील. ठराविक काळात वाचलेले सगळे रुग्ण नोंदवहीतून ओळीनं घ्या. नेदरलँड्समध्ये हृदयरोगतज्ज्ञ व्हॅन लोमेलनी १० रुग्णालयांत असंच केलं (२००१): ३४४ पैकी ६२ जणांना, म्हणजे १८ टक्क्यांना, काहीतरी आठवत होतं.

आधी एथिक्स कमिटीची परवानगी आणि मराठीत लेखी संमती. रुग्ण पूर्ण भानावर आल्याशिवाय बसू नका, आयसीयूतला भ्रम आठवणीत मिसळतो. पहिला प्रश्न मोकळा: "बेशुद्ध होता तेव्हाचं काही आठवतंय का?" बोगदा, उजेड, देव हे शब्द तुमच्या तोंडून जाता कामा नयेत. नातेवाईक बाहेर, नाहीतर आजोबांच्या आधी मुलगाच उत्तर देतो. हे सगळं रेकॉर्ड झाल्यावर ग्रेसन श्रेणी (हा अनुभव मोजायची प्रश्नावली) काढा: १६ प्रश्न, प्रत्येकी ० ते २, कमाल ३२. सात किंवा जास्त गुण आले तर मृत्यूसमीप अनुभव धरतात. मिडाझोलाम, केटामाइन (गुंगीची औषधं) दिलं होतं का, किती मिनिटं छाती दाबली, हे केसपेपरवरून उतरवा.

चित्रगुप्ताची_वही: श्रेणी १९८३ ची, अमेरिकन वर्णनांवर बेतलेली. निम्हान्सच्या (बंगळुरूची मानसिक आरोग्य संस्था) सतवंत पसरिचा आणि अमेरिकेतले मानसोपचारतज्ज्ञ इयन स्टीव्हन्सन यांनी १९८६ मध्ये भारतातल्या घटना मांडल्या. त्यांत यमदूत नेतात, वही बघतात आणि भलताच माणूस आणला म्हणून परत धाडतात. हे त्या १६ प्रश्नांत कुठं बसवणार? मोकळं कथन वेगळं कोड करा, म्हणजे त्यातले मुद्दे गटवार नोंदवा. मराठी भाषांतर दुसऱ्याकडून परत इंग्रजीत करून मुळाशी ताडून बघा.

आकडेमोड: फळ्यांचा प्रयोग म्हणजे डॉक्टर सॅम पार्नियांचा 'अवेअर' अभ्यास, २०१४. १५ रुग्णालयं, २०६० अरेस्ट (हृदय बंद पडणं), वाचले ३३०, मुलाखती १४०, मुलाखतीचे दोन्ही टप्पे पुरे केलेले १०१. फळ्या सुमारे हजार होत्या, पण हृदय फळीखालीच बंद पडेल याची हमी कोण देणार? जेमतेम २२ टक्के अरेस्ट तशा जागी झाले. पाहिल्या-ऐकल्याचं सविस्तर आठवणारे दोघं, आणि दोघांच्याही जागी फळी नव्हती. त्यामुळं "चित्र दिसलं" म्हणणारे थापा मारतात आणि "दिसलं नाही, विषय संपला" म्हणणारेही.

दुसऱ्या फेरीत (२०२३) चित्र दाखवणारा टॅबलेट संगणक आणि हेडफोनच रुग्णापाशी नेले. ५६७ अरेस्ट, वाचले ५३, मुलाखती २८. चित्र कुणीच ओळखलं नाही, ऐकवलेली फळांची नावं एकानं सांगितली. ५६७ मधले २८ म्हणजे पाच टक्के. भावा, एका रुग्णालयावर प्रबंध उभा राहायचा नाही. संख्येचा नाद सोड, थोड्या मुलाखतींचा गुणात्मक अभ्यास कर.

रंकाळा_९: आणि मरताना मेंदूतल्या गॅमा लहरी (वेगवान विद्युतलहरी) वाढल्या म्हणतात, ते?

आयसीयू_नाइट: तो संशोधक बोर्जिगिन यांचा अभ्यास, २०२३. चार रुग्णांचा व्हेंटिलेटर काढला, दोघांत गॅमा वाढला. चौघंही गेले, त्यामुळं त्यांना काय जाणवलं ते विचारायला कुणी उरलं नाही. शिवाय छाती दाबताना ईईजीवर (मेंदूच्या लहरींचा आलेख) हातांचे हेलकावेच उमटतात. म्हणून पार्नियांच्या गटानं नाडी बघायला हात थांबतो तेवढ्या सेकंदांचाच आलेख वाचला. ईईजीचा पेपर हाती आला की आधी पद्धतीच्या भागात हे शोधा, निष्कर्ष नंतर.