पाकिस्तानात लष्करासाठी दार कोणी उघडले?

पानगळ

नमस्कार. फाळणीनंतरच्या पहिल्या दशकातील पाकिस्तानविषयी गेले काही महिने सलग वाचन करीत आहे. आपल्याकडे बहुतेकांच्या मनात असे पक्के बसलेले असते की तिथले राजकारणी आपसांत भांडत राहिले, कारभाराचा बोजवारा उडाला आणि ऑक्टोबर १९५८ मध्ये जनरल अयूब खान यांनी सत्ता हाती घेतली. घटनाक्रम पाहता हे वरवर पटतेही, कारण १९४७ ते १९५८ या काळात तिथे सात पंतप्रधान झाले आणि १९५१ पासून सरसेनापती मात्र एकच होता.

पण दोन्ही देशांना वारसा एकच मिळाला होता. १९३५ चा भारत सरकार कायदा, इंग्रजांनी घडवलेली सनदी नोकरशाही आणि त्यांच्याच हाताखाली तयार झालेले लष्करी अधिकारी हे दोन्हीकडे सारखेच होते. मग एकीकडे सेनापती सरकारच्या आज्ञेत राहिला आणि दुसरीकडे तोच सरकार झाला, याचे कारण राजकारण्यांच्या स्वभावात शोधणे मला अपुरे वाटते. १९५८ हा आरंभ होता, की आधीच झालेल्या एखाद्या गोष्टीचा तो शेवट होता? जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावे.

जुने दप्तर

माझ्या मते १९५८ हा शेवट होता. खरी तारीख २४ ऑक्टोबर १९५४ ही आहे आणि त्या दिवशी रस्त्यावर सैन्य उतरले नव्हते. राष्ट्रप्रमुखाच्या जागी असलेले गव्हर्नर-जनरल गुलाम मुहम्मद यांनी एका फर्मानाने देशाची घटना समिती, म्हणजे संसदेचेही काम करणारे सभागृह, बरखास्त केली. हे गृहस्थ लढवय्ये नव्हते आणि लोकांतून निवडून आलेले नेतेही नव्हते. ते हिशेब खात्यातून वर आलेले सनदी अधिकारी होते.

त्यामागची पार्श्वभूमी ध्यानात घ्यावी लागेल. जिना सप्टेंबर १९४८ मध्ये वारले आणि लियाकत अली खान यांची ऑक्टोबर १९५१ मध्ये रावळपिंडीत हत्या झाली. मुस्लिम लीगची मुळे, विशेषतः पश्चिमेकडील प्रांतांत, उथळ होती. पंजाबात १९३७ च्या निवडणुकीत तिला जेमतेम दोन जागा मिळाल्या होत्या आणि तिथले मोठे जमीनदार अगदी अखेरीस तिच्याकडे वळले. तिचे बरेचसे बिनीचे नेते संयुक्त प्रांतासारख्या (आजचा उत्तर प्रदेश) भारतात राहिलेल्या भागांतून आलेले असल्यामुळे नव्या देशात त्यांना स्वतःचा मतदारसंघच नव्हता. अशा पक्षाच्या सरकारला रोजचा कारभार चालवण्यासाठी सचिवांवर अवलंबून राहावे लागले आणि हळूहळू सचिवच मंत्र्यांना चालवू लागले.

एप्रिल १९५३ मध्ये गुलाम मुहम्मद यांनी पंतप्रधान ख्वाजा नाझिमुद्दीन यांना बडतर्फ केले. त्यांचे अंदाजपत्रक सभागृहाने नुकतेच मंजूर केलेले होते, म्हणजे बहुमत त्यांच्या बाजूला होते. तरीही सभागृह त्यांच्या पाठीशी उभे राहिले नाही, उलट त्यातील काही मंत्री नव्या मंत्रिमंडळात जाऊन बसले. राजकीय नेतृत्वाचा पहिला मोठा पराभव मी इथे मानतो, कारण तो कोणी बंदूक न रोखता झाला. पुढच्या वर्षी घटना समितीने गव्हर्नर-जनरलच्या अधिकारांना कात्री लावण्याचा प्रयत्न करताच तिचेही आयुष्य संपवण्यात आले. नव्या मंत्रिमंडळात अयूब खान सरसेनापतिपद न सोडता संरक्षणमंत्री झाले आणि माजी संरक्षण सचिव इस्कंदर मिर्झा गृहमंत्री झाले.

यात न्यायसंस्थेचा वाटा सर्वांत दुःखद आहे. घटना समितीचे अध्यक्ष मौलवी तमीझुद्दीन खान हे कराचीत न्यायालयात गेले. पोलिसांनी अडवू नये म्हणून ते बुरखा घालून, मागच्या दाराने आत शिरले असे सांगतात. सिंधच्या मुख्य न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल दिला. मात्र मार्च १९५५ मध्ये मुहम्मद मुनीर यांच्या अध्यक्षतेखालील संघ न्यायालयाने, म्हणजे तेव्हाच्या सर्वोच्च न्यायालयाने, तो फिरवला, तोही अशा तांत्रिक मुद्द्यावर की ज्या तरतुदीखाली दाद मागितली तिला गव्हर्नर-जनरलची संमतीच नव्हती. न्यायमूर्ती कॉर्नेलियस एकटेच विरोधात राहिले. हाच तर्क लावल्यास घटना समितीने आजवर केलेले इतर अनेक कायदेही निराधार ठरत होते, आणि त्या पेचातून सुटण्यासाठी त्याच न्यायालयाने मे १९५५ मध्ये ‘निकड’ हे तत्त्व पुढे आणले. एरवी बेकायदेशीर ठरणारी गोष्ट राज्य वाचवण्यासाठी आवश्यक असेल तर ती कायदेशीर मानावी, असा त्याचा मथितार्थ होता. १९७७ मध्ये झिया उल हक यांना आणि २००० मध्ये मुशर्रफ यांना न्यायालयाने मान्यता दिली ती याच तत्त्वाच्या आधारे.

सह्यकडा

वरील प्रतिसादातील तपशील बरोबर आहेत, परंतु त्यातून लष्कर जणू दाराबाहेर हात बांधून उभे होते आणि इतरांनी बोलावल्यामुळेच आत आले, असे चित्र उभे राहते. ते मला मान्य नाही.

पाकिस्तानच्या वाट्याला ब्रिटिश हिंदी लष्कराचा साधारण एक तृतीयांश भाग आला, पण त्या भागाची घडण फार वेगळी होती. इंग्रजांच्या भरतीचा मुख्य आधार पंजाब होता आणि त्यातही झेलम, रावळपिंडी, कॅम्पबेलपूर अशा मोजक्या जिल्ह्यांतून पिढ्यान्पिढ्या शिपाई जात. सैनिकांना कालव्यांच्या वसाहतींत जमिनी मिळत. त्यामुळे सैन्य, जमीन आणि जिल्ह्याचा कारभार ही एकाच घरातली माणसे झाली होती. फाळणीनंतर हा सगळा पट्टा एका लहान आणि असुरक्षित देशात गेला व तिथली सर्वांत सुसंघटित संस्था ठरला. काश्मीरच्या प्रश्नामुळे पहिल्या दिवसापासून खर्चाचा मोठा वाटा त्याच संस्थेकडे वळला. मे १९५४ मध्ये अमेरिकेशी लष्करी साहाय्याचा करार झाला आणि त्या वाटाघाटींत अयूब खान यांचा पुढाकार होता. आपल्या मंत्र्यांना वगळून परक्या सरकारशी थेट बोलू शकणारा सेनापती हा केवळ सेवक राहत नाही.

शिवाय अयूब खान यांनीच पुढे प्रसिद्ध केलेले एक टिपण आहे. ४ ऑक्टोबर १९५४ रोजी, म्हणजे घटना समिती बरखास्त होण्याच्या वीस दिवस आधी, लंडनच्या एका हॉटेलात त्यांनी ते लिहिले. पश्चिमेकडील सर्व प्रांतांचा एक घटक करावा आणि जनतेला झेपेल अशी नियंत्रित लोकशाही द्यावी, असा आराखडा त्यात आहे. चार वर्षांनी सत्ता घेणाऱ्या माणसाच्या मनात हे आधीच तयार होते, हे विसरून चालणार नाही.

पानगळ

दोन्ही प्रतिसादांबद्दल मनापासून आभार. एक शंका उरते. सनदी अधिकारी, पंजाबचे जमीनदार, न्यायाधीश आणि सेनापती यांचे हितसंबंध एकमेकांपासून वेगळे होते. मग प्रत्येक निर्णायक क्षणी ते एकाच बाजूला कसे आले?

नदीमुख

याचे उत्तर पूर्व बंगालमध्ये, म्हणजे आजच्या बांगलादेशात आहे, आणि आपल्या चर्चांत तो नेहमी १९७१ पासूनच सुरू होतो याचे मला वाईट वाटते.

पाकिस्तानची निम्म्याहून अधिक लोकसंख्या पूर्वेकडे होती, तर लष्करातील वरिष्ठ अधिकारी आणि केंद्रातील सचिव जवळजवळ सर्व पश्चिमेकडचे होते. एक व्यक्ती, एक मत हे सूत्र प्रामाणिकपणे लावले असते तर केंद्रातील सत्तेचा काटा बंगाली मतदारांच्या हाती गेला असता. मार्च १९५४ मध्ये पूर्व बंगालच्या प्रांतिक निवडणुकीत त्याचे प्रत्यंतरही आले. फझलुल हक, सुहरावर्दी आणि मौलाना भाशानी यांच्या संयुक्त आघाडीने मुस्लिमांसाठीच्या २३७ जागांपैकी २२३ जिंकल्या आणि सत्तारूढ मुस्लिम लीगची तिथे धूळधाण झाली. ते सरकार दोन महिन्यांतच केंद्राने बरखास्त केले आणि इस्कंदर मिर्झांना तिथे गव्हर्नर म्हणून धाडले. पुढच्या वर्षी पश्चिमेकडील प्रांत मोडून ‘एक घटक’ केला गेला व दोन्ही बाजूंना समान जागा देण्यात आल्या. सिंध, वायव्य सरहद्द प्रांत आणि बलुचिस्तान यांना आपली ओळख गमवावी लागली, ती बंगाली बहुमत निष्प्रभ करण्यासाठी.

१९५६ ची राज्यघटना याच पायावर उभी होती आणि तिच्याखालील पहिली सार्वत्रिक निवडणूक फेब्रुवारी १९५९ मध्ये व्हायची होती. मार्शल लॉ पुकारला गेला ७ ऑक्टोबर १९५८ रोजी. तो पुकारणारे अध्यक्ष इस्कंदर मिर्झा होते, अयूब खान नव्हेत. वीस दिवसांनी अयूब खान यांनी मिर्झांनाच पदावरून दूर केले आणि पुढे त्यांना देशाबाहेर पाठवले. मिर्झा १९६९ मध्ये लंडनला वारले तेव्हा पाकिस्तानात दफनाची परवानगी मिळाली नाही आणि त्यांचा देह तेहरानला न्यावा लागला. अयूब खान यांनी पुढे थेट मतदानाऐवजी स्थानिक पातळीवर निवडलेल्या ८०,००० ‘मूलभूत लोकशाही’ प्रतिनिधींकडून स्वतःची निवड करून घेतली.

प्रौढ मतदानाची पहिली सार्वत्रिक निवडणूक अखेर डिसेंबर १९७० मध्ये झाली. अवामी लीगने पूर्वेकडील १६२ सर्वसाधारण जागांपैकी १६० जिंकल्या, म्हणजे ३०० च्या सभागृहात स्पष्ट बहुमत मिळवले. सत्ता सोपवण्याऐवजी २५ मार्च १९७१ च्या रात्री ढाक्यात सैन्य सोडण्यात आले. १९५४ मध्ये जे एका प्रांताचे सरकार बरखास्त करून भागले होते, त्यासाठी आता माणसे मारावी लागली. पश्चिमेत सर्वाधिक जागा जिंकलेल्या झुल्फिकार अली भुट्टो या राजकीय नेत्याने त्या वेळी राष्ट्रीय सभेवर बहिष्कार टाकला होता, हेही लक्षात ठेवावे.

माळरान

भारताशी तुलनेपुरते थोडे लिहितो. भारतीय लष्कर स्वभावतःच अलिप्त होते म्हणून इथे निभावले, असे म्हणणे भाबडेपणाचे ठरेल. इंग्रजी राजवटीत सरसेनापती हा व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळाचा सदस्य असे. स्वातंत्र्यानंतर त्याला मंत्र्याच्या अधीन आणले गेले, आणि १९५५ मध्ये ते पदच रद्द करून तिन्ही दलांचे प्रमुख समान पातळीवर ठेवण्यात आले. दिल्लीतील सरसेनापतींचा बंगला पंतप्रधानांचे निवासस्थान झाला, तेच तीन मूर्ती भवन. घटना १९५० मध्ये लागू झाली आणि १९५१-५२ मध्ये पहिली सार्वत्रिक निवडणूक पारही पडली, त्यामुळे दिल्लीच्या सत्तेला लोकांचा कौल लवकर मिळाला.

उलट टोकाची चूक आपल्याकडेही झाली. संरक्षणमंत्री कृष्ण मेनन आणि लष्करप्रमुख जनरल थिमय्या यांच्यातील वाद १९५९ मध्ये राजीनाम्यापर्यंत गेला आणि बढत्यांमधील राजकीय हस्तक्षेपाची किंमत १९६२ मध्ये मोजावी लागली. त्यानंतर मुंबईहून संरक्षणमंत्री म्हणून गेलेल्या यशवंतराव चव्हाणांनी सेनाधिकाऱ्यांचा विश्वास परत मिळवला, तो मंत्र्याचा अधिकार न सोडता. ते काम आपल्याकडे फार कमी अभ्यासले गेले आहे.

जुने दप्तर

सह्यकडा यांचा आक्षेप मी मान्य करतो. लष्कर स्वतःहून पुढे येत होते. माझे म्हणणे एवढेच की त्याला रोखू शकणाऱ्यांनी आपापल्या लाभासाठी वाट मोकळी केली. पुढे तर राजकीय नेतेच लष्कराच्या अंगणात वाढू लागले. भुट्टो १९५८ मध्येच मंत्रिमंडळात आले आणि अयूब खान यांच्याबरोबर मोठे झाले, तर नवाझ शरीफ झियांच्या काळात पंजाबचे अर्थमंत्री व नंतर मुख्यमंत्री झाले. दोघांनाही नंतर सेनापतींनीच सत्तेवरून हटवले.

तमीझुद्दीन खान यांच्याविषयी एक गोष्ट सांगायची राहिली. ते १९६२ मध्ये राष्ट्रीय सभेचे अध्यक्ष झाले. ती सभा अयूब खान यांनी दिलेल्या राज्यघटनेखाली, त्याच ८०,००० प्रतिनिधींनी निवडलेली होती. पुढच्या वर्षी त्यांचा मृत्यू झाला तोही त्याच पदावर असताना. याला तडजोड म्हणावे की हाताशी उरलेल्या एकमेव सभागृहाची राखण, हे मी अनेक वर्षे ठरवू शकलेलो नाही.