मदतकार्यावरचे माहितीपट: यावर घर चालतं का?

पंचगंगाकाठ
मी शिरोळ तालुक्यातला, लग्नाच्या ऑर्डरी करतो. 2019 च्या पुरात बोटीतून बरंच शूट केलं. तेव्हापासून मदतकार्यावर माहितीपट करायचं डोक्यात आहे. घरचे म्हणतात, पैसे कोण देणार? इथे कुणी पूर्णवेळ हेच करतं का?

ट्रायपॉडवाली
मी करते. पैसे संस्था देतात, पण त्यांना देणगीदारांना दाखवायला तीन मिनिटांची फिल्म हवी असते: आधी पाणी, मग किट, शेवटी हात जोडणारी आजी. ती करा, घरभाडं त्यावरच सुटतं. फक्त करारात लिहून घ्या की रशेस, म्हणजे न कापलेलं मूळ चित्रण, तुमच्याकडेही राहतील आणि पुढे स्वतःच्या माहितीपटात वापरता येतील. काम सुरू व्हायच्या आधी विचारलं तर बहुतेक जण हो म्हणतात. नंतर विचारलं की वकील मध्ये येतो.

वाटपाच्या वेळी मी वाटणाऱ्याच्या मागे कॅमेरा लावत नाही, तिथून घेणाऱ्याचा ओशाळलेला चेहरा तेवढा दिसतो. रांगेतल्यांच्या मागे उभी राहते. किटवरचा पुढाऱ्याचा फोटोही मग आपसूक फ्रेममध्ये येतो. येऊ द्यावा!

पाणी ओसरलं की संस्थेचं बजेटही ओसरतं. पंचनामे, यादीतून गळलेली नावं, पडक्या भिंती हे सगळं त्यानंतरचं, आणि ते टिपायला गावातलाच माणूस लागतो. ‘द व्हाइट हेल्मेट्स’ हा सीरियातल्या बचाव स्वयंसेवकांवरचा माहितीपट बघा. दिग्दर्शकाच्या टीमने तुर्कस्तानात प्रशिक्षण शूट केलं, अलेप्पोतल्या बचावकार्याचं चित्रण मात्र खालेद खतीब या सीरियन तरुणाचं. 2017 मध्ये फिल्मला ऑस्कर मिळालं तेव्हा तो समारंभाला जाऊ शकला नाही. सीरियाच्या सरकारने त्याचा पासपोर्ट रद्द केला होता.

जुना_बातमीदार
मोहम्मद अमीन विसरू नका. नैरोबीचा, पंजाबी कुळातला कॅमेरामन. इथिओपियातल्या कोरेमचा दुष्काळ त्याने टिपला, ऑक्टोबर 1984 मध्ये बीबीसीने दाखवला आणि जगभरातून मदत सुरू झाली. 1991 मध्ये अदिस अबाबात स्फोटात हात गेला, तरी गडी कृत्रिम हात लावून पुन्हा कामावर!

पंचगंगाकाठ
ताई, लोकांची संमती कशी घेता? फॉर्मवर सही?

ट्रायपॉडवाली
छावणीत कागद काढला की लोकांना वाटतं मदतीची यादी चाललीय. कॅमेऱ्यासमोर तोंडी घेते, तीही किट हातात पडल्यावर. आधी विचारलं तर नाही कोण म्हणेल?